तुर्कांची लिपी आणि तुर्कांचे शब्द

इसवी सन १९२७ च्या ऑक्टोबर महिन्यात मुस्तफा कमाल यांनी अंकारा येथे आपल्या पक्षाच्या अधिवेशनापुढे एक भाषण केले. ते सलग सहा दिवस चालले, एकंदर छत्तीस तास लागले, आणि त्यात १९१९ पासूनच्या राष्ट्रीय लढ्याचा सारा इतिहास, तारा, हुकूम आणि पत्रव्यवहार यांच्या दाखल्यांसह, वक्त्याने आपल्या बाजूने मांडला. ‘नुतुक’ या नावाने ते भाषण ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाले आणि नव्या तुर्की प्रजासत्ताकाची ती जणू पोथीच ठरली. पुढे अवघ्या छत्तीस वर्षांनी, म्हणजे १९६३ मध्ये, त्याच ग्रंथाची एक नवी आवृत्ती निघाली. परक्या भाषेतून आणलेल्या पुस्तकाचे करावे तसे त्या ग्रंथाचे तुर्कीतून तुर्कीत भाषांतर त्या आवृत्तीसाठी करावे लागले होते. आणि ‘नुतुक’ हा शब्दच अरबी असल्यामुळे मुखपृष्ठावरील नावही बदलून ‘सॅयलेव्ह’ असे करण्यात आले. राष्ट्रपित्याचे भाषण त्याच्या नातवंडांना समजेना, ही अवस्था पराभवाने किंवा परचक्राने आली असती तर तिचे नवल वाटले नसते. पण ती त्या राष्ट्रपित्याच्याच आज्ञेने आली होती.

या घटनेचा विचार करताना आपल्याकडील आणि पश्चिमेकडील बहुतेक लेखक दोन निरनिराळे मामले एकत्र गुंफून टाकतात. लिपी बदलली हा एक मामला आणि शब्द बदलले हा दुसरा. दोन्ही एकाच माणसाच्या इच्छाशक्तीतून निघाले हे खरे, तथापि त्यांची कारणे वेगळी, पद्धत वेगळी आणि फळेही वेगळी. म्हणून त्यांचा न्यायही वेगवेगळाच केला पाहिजे, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे.

प्रथम मूळ भाषेची स्थिती कशी होती ते पाहू. उस्मानी दरबाराची जी भाषा होती ती व्याकरणाच्या सांगाड्याने तुर्की, परंतु अंगाखांद्यावरच्या अलंकारांनी अरबी आणि फारसी होती. आणि ही उसनवारी शब्दांपुरती थांबलेली नव्हती. फारसीतला इजाफा (दोन शब्द सांधणारा ‘इ’), अरबीतली अनेकवचने, विशेषण नामामागून आणण्याची फारसी रीत, हे सारे नियम तुर्की वाक्याच्या पोटात शिरून बसले होते, आणि दफ्तरातल्या एखाद्या फर्मानात शेवटचे क्रियापद सोडले तर तुर्की असे काहीच सापडू नये अशी परिस्थिती असे. अनातोलियातल्या शेतकऱ्याला ही भाषा समजत नव्हती, आणि ती आपल्याला समजत नाही याची त्याला खंतही नव्हती. त्याने तिच्यावर विनोद रचला होता. तुर्की छायानाट्यात कारागोझ आणि हाजिवात अशी जोडगोळी असते. हाजिवात शिकलेला, तो दरबारी थाटात बोलतो. कारागोझ अडाणी, तो प्रत्येक भारदस्त शब्दाचा भलताच अर्थ लावतो. आणि रमझानच्या रात्री कॉफीखान्यात बसलेले प्रेक्षक शिकलेल्याला हसतात. भाषेचा प्रश्न सुधारकांना सुचण्याच्या कितीतरी आधी तो या पडद्यावर मांडला गेला होता.

लिपीची अडचण निराळी होती. तुर्की भाषेत आठ स्वर आहेत आणि शब्दाचा अर्थ पुष्कळदा केवळ स्वरावर ठरतो. अरबी लिपीत मात्र स्वर दाखवायला जेमतेम तीन अक्षरे, आणि ऱ्हस्व स्वर तर लिहिण्याची वहिवाटच नाही. ‘ओल्दू’ म्हणजे झाला आणि ‘एल्द्यू’ म्हणजे मेला. हे दोन्ही शब्द जुन्या लिपीत एकाच तऱ्हेने लिहिले जात, आणि अमुक पाशा वजीर ‘झाला’ की ‘मेला’ हे तारेवरून न कळल्याच्या गमती तुर्क लोक अजून सांगतात. उलट अरबी भाषेत जे दोन-तीन निरनिराळे ‘स’ किंवा ‘ह’ आहेत ते तुर्काच्या जिभेला सारखेच, तरी लिहिताना मात्र पाठ केलेच पाहिजेत. म्हणजे ज्याची गरज ते लिपीत नाही आणि जे लिपीत आहे त्याची गरज नाही, असा हा प्रकार होता. बहुजनांच्या निरक्षरतेचे खापर मात्र सुधारकांनी सर्वस्वी या लिपीच्या माथी फोडले, ते काही न्याय्य नव्हे. शाळाच नसतील तर कोणतीही लिपी अवघडच. आणि जपानी लोकांनी याहून शतपट बिकट लिपी कायम ठेवून सारे राष्ट्र साक्षर करून दाखवले, हा दाखला तुर्की वादविवादातही त्या काळी पुढे येत असे.

येथे एक गोष्ट सांगितली पाहिजे, कारण ती नेहमी विसरली जाते. तुर्की भाषा एकट्या अरबी लिपीची मिरासदारी कधीच नव्हती. मध्य अनातोलियातले करामानली ख्रिस्ती लोक तुर्की बोलत आणि ती ग्रीक अक्षरांत लिहीत. इस्तंबूलचे आर्मेनियन लोक तीच भाषा आपल्या अक्षरांत लिहीत आणि छापीत. ‘अकाबी हिकायेसी’ ही १८५१ सालची, वार्तान पाशाने लिहिलेली कादंबरी तुर्की भाषेतली पहिली कादंबरी म्हणून आता अनेक अभ्यासक मानतात, आणि ती आर्मेनियन लिपीत आहे. तेव्हा लिपी म्हणजे धर्माची खूण, भाषेची नव्हे, हा तिथला जुना संकेत होता. आणि नेमक्या याच कारणामुळे लिपी बदलणे म्हणजे नुसते लेखनपद्धती बदलणे असे कोणीच समजत नव्हते, ना बदलणारे, ना विरोध करणारे.

कमाल पाशांच्या आधी प्रयत्न झालेच नाहीत असे नाही. १८६२ मध्ये मुनीफ पाशाने इस्तंबूलच्या विद्वत्सभेत लिपिसुधारणेचा विषय काढला. पुढच्याच वर्षी काकेशसातून मिर्झा फतअली आखुंदजादे आपली नवी अक्षरे घेऊन राजधानीत आला, त्याचा सन्मान झाला आणि तजवीज बासनात बांधून ठेवण्यात आली. पहिल्या महायुद्धाच्या सुमारास एन्वर पाशाने अक्षरे सुटी सुटी लिहिण्याची एक रीत लष्करात सुरू केली; परंतु ऐन युद्धाच्या धांदलीत हुकूम वाचायलाच उशीर होऊ लागला, तेव्हा ती सोडून द्यावी लागली. शब्दांच्या बाबतीत अधिक शहाणपणाचा प्रयत्न सालोनिका येथे झाला. १९११ मध्ये ‘गेंच कलेमलेर’ म्हणजे ‘तरुण लेखण्या’ नावाच्या नियतकालिकात ओमेर सेयफेत्तिन याने ‘नवी भाषा’ या मथळ्याचा लेख लिहिला आणि झिया गोकाल्प याने त्या मताला तत्त्वज्ञानाची बैठक दिली. त्यांचे म्हणणे थोडक्यात असे होते की, फारसी-अरबी व्याकरण हाकलून लावा, परंतु जो शब्द इस्तंबूलच्या बायामाणसांच्या बोलण्यात रुळला तो कोठूनही आलेला असो, तो तुर्कीच समजा. कोशातून मृत शब्द उकरून काढू नका. या मार्गाने ओमेर सेयफेत्तिनने ज्या लघुकथा लिहिल्या त्या आजचा तुर्की विद्यार्थी थोड्याफार टिपांच्या आधाराने वाचू शकतो. मला विचाराल तर तुर्की भाषेची खरी सुधारणा येथेच बहुतांशी झाली होती.

परंतु प्रजासत्ताकाला सुधारणा नको होती, त्याला विच्छेद हवा होता. १९२३ मध्ये इझ्मीर येथे भरलेल्या अर्थपरिषदेत लॅटिन अक्षरांचा ठराव आला, तेव्हा अध्यक्षस्थानी असलेल्या सेनापती काझिम काराबेकिर यांनी तो फेटाळून लावला. इस्लामी जगाशी असलेले ऐक्य त्याने तुटेल, हे त्यांचे मुख्य कारण होते. पुढल्या पाच वर्षांत नेमके तेच ऐक्य नव्या राजवटीने एकेक धागा करून उसवून टाकले. मार्च १९२४ मध्ये खिलाफत संपली, १९२५ मध्ये फेज टोपीऐवजी हॅट सक्तीची झाली, १९२६ मध्ये पंचांग बदलले आणि स्विस नमुन्याची दिवाणी संहिता आली, एप्रिल १९२८ मध्ये राज्याचा धर्म इस्लाम असल्याचे कलम राज्यघटनेतून गळाले, आणि मे महिन्यात अंक युरोपीय झाले. दरम्यान १९२६ मध्ये बाकू येथे भरलेल्या तुर्कविद्या परिषदेने रशियाच्या अंमलाखालील तुर्कवंशीय लोकांसाठी लॅटिन अक्षरांचा पुरस्कार केला होता. आता पुढचे पाऊल कोणते, हे सांगायला ज्योतिषाची गरज नव्हती.

१९२८ च्या उन्हाळ्यात नेमलेल्या मंडळाने नव्या लिपीचा मसुदा तयार केला आणि तो घेऊन फालिह रिफकी हे सभासद कमाल पाशांकडे गेले. त्यांनी पुढे लिहून ठेवलेली हकीकत प्रसिद्ध आहे. संक्रमणाला किती मुदत लागेल असे पाशांनी विचारले, तेव्हा मंडळात एक मत पाच वर्षांचे आणि दुसरे पंधरा वर्षांचे असल्याचे त्यांनी सांगितले. दरम्यान वर्तमानपत्रे अर्धी जुन्या आणि अर्धी नव्या लिपीत छापावीत, अशी मंडळाची कल्पना होती. पाशांचे उत्तर असे की, हे तीन महिन्यांत होईल किंवा कधीच होणार नाही. कारण पत्राचा अर्धा स्तंभ जुन्या अक्षरांत उरला तर सारे लोक तेवढा अर्धाच वाचतील. मनुष्यस्वभावाची ही पारख बिनचूक होती हे कबूल केले पाहिजे. आपल्याकडे मुदती वाढवीत वाढवीत ज्या सुधारणा फायलीतच वृद्ध होतात त्यांच्या शेजारी हे उत्तर ठेवून पाहण्यासारखे आहे.

९ ऑगस्टच्या रात्री इस्तंबूलच्या गुल्हाने उद्यानात त्यांनी नव्या अक्षरांची घोषणा केली. मग फळा आणि खडू घेऊन राष्ट्राध्यक्ष स्वतः गावोगाव निघाले. तेकिरदाग, सिवास, कायसेरी येथे अधिकारी, मुल्ला, सावकार यांना फळ्यापुढे उभे करून त्यांनी परीक्षा घेतल्या. कायसेरी येथील त्यांचे छायाचित्र तुर्कस्तानात आजही भिंतीभिंतीवर दिसते. १ नोव्हेंबर रोजी कायदा मंजूर झाला, १ डिसेंबरपासून वर्तमानपत्रे नव्या लिपीत निघू लागली, आणि १९२९ च्या प्रारंभापासून जुन्या लिपीत पुस्तक छापणे बेकायदेशीर ठरले. सोळा ते पंचेचाळीस वर्षांच्या स्त्रीपुरुषांसाठी ‘राष्ट्रीय शाळा’ उघडण्यात आल्या. आरंभी वर्तमानपत्रांचा खप कोसळला आणि सरकारी मदतीवर त्यांना तग धरावा लागला. ज्यांची हयात जुन्या दफ्तरात गेली होती असे कारकून आणि लेखक पुढे कित्येक वर्षे खाजगी टिपणे उजवीकडून डावीकडे भरभर लिहीत आणि मग त्यांची शुद्ध प्रत डावीकडून उजवीकडे उतरवून काढीत. १९२७ च्या शिरगणतीत शंभरांत दहा-अकरा माणसे साक्षर होती, १९३५ मध्ये ती वीस झाली. प्रगती झाली खरी, पण क्रांतीच्या घोषणा ऐकून जी अपेक्षा व्हावी तिच्या मानाने ती मंदच म्हणावी लागेल. मोठी वाढ पुढे शाळा वाढल्या तेव्हा झाली.

एवढ्यावर थांबते तरी लिपिपरिवर्तनाच्या बाजूने निवाडा देणे कठीण नव्हते. एकोणतीस अक्षरे, उच्चाराप्रमाणे लेखन, आठ स्वरांना आठ चिन्हे. तुर्की भाषेला इतका नेमका बेतलेला अंगरखा तिच्या इतिहासात पूर्वी कधी मिळाला नव्हता. किंमत जबर पडली, परंतु वस्तू खरी मिळाली.

शब्दांची गोष्ट तशी नाही.

जुलै १९३२ मध्ये तुर्की भाषेच्या संशोधनासाठी एक मंडळ स्थापन झाले, तेच पुढे ‘तुर्क दिल कुरुमू’ या नावाने गाजले, आणि २६ सप्टेंबरला दोल्माबाहचे राजवाड्यात, जेथे पूर्वी सुलतान राहत तेथे, त्याची पहिली परिषद भरली. हुसेयिन जाहित यांनी तेथे उभे राहून भाषा आज्ञेने बदलत नसते असे सांगण्याचे धैर्य केले; त्यांच्यावर चोहोंकडून टीकेचा भडिमार झाला. मग देशभर शब्दसंग्रहाची मोहीम निघाली. शिक्षक, मुलकी अधिकारी, लष्करी अंमलदार यांनी खेड्यापाड्यांतून बोलीतले शब्द टिपून चिठ्ठ्या पाठवल्या. दुसरीकडे पंडितांनी जुन्या तुर्की ग्रंथांतून आणि मध्य आशियातील भगिनीभाषांतून शब्द वेचले. या सगळ्यांतून १९३४ मध्ये ‘तारामा देरगिसी’ हा कोश निघाला. त्यात एकेका अरबी-फारसी शब्दापुढे सापडतील तितके पर्याय मांडले होते. ‘अकिल’ म्हणजे अक्कल, तिला सव्वीस पर्याय, आणि ‘हेदिये’ म्हणजे नजराणा, त्याला सत्त्याहत्तर. या सत्त्याहत्तरांतून लोकांनी उचलला तो ‘अरमागान’, आणि तो मूळचा फारसी निघाला!

वर्तमानपत्रांच्या कचेऱ्यांत तर प्रहसनच सुरू झाले. लेखक आपला लेख नित्याच्या भाषेत लिही, आणि तो एका खास नेमलेल्या शब्दबदल्याच्या हाती जाई. तो कोश उघडून प्रत्येक परक्या शब्दाच्या जागी मनाला येईल तो पर्याय बसवी. आणि पलीकडच्या पत्राच्या कचेरीतला दुसरा शब्दबदल्या त्याच शब्दासाठी दुसराच पर्याय निवडी. ऑक्टोबर १९३४ मध्ये स्वीडनच्या युवराजांच्या स्वागताला खुद्द कमाल पाशांनी जे भाषण वाचले त्यात अशा नव्या शब्दांची इतकी दाटी होती की ते श्रोत्यांना समजणे दुरापास्त झाले, आणि त्या रात्री वाचणाऱ्याचीही त्रेधा उडाली असे सांगतात. त्याच वर्षी आडनावाचा कायदा होऊन त्यांना ‘अतातुर्क’ हे नाव मिळाले. आणि ‘केमाल’ हा अरबी शब्द पडतो म्हणून काही काळ त्यांनी ‘कामाल’ असे लिहून त्याचा अर्थ तुर्कीत किल्ला असा लावण्यास सुरुवात केली. मशिदीच्या मिनारावरून अजानही १९३२ पासून तुर्कीतून होऊ लागली होती. या एकाच सुधारणेने सामान्य श्रद्धाळू माणूस जितका दुखावला तितका बहुधा हॅटनेही दुखावला नसावा, कारण १९५० मध्ये मेंदेरेस यांचे सरकार आल्यावर पहिल्या काही आठवड्यांतच अरबी अजानीवरील बंदी उठली, आणि ती उठवण्याला विरोधी पक्षानेही हरकत घेतली नाही.

आपण आडरानात शिरलो हे अतातुर्कांच्या ध्यानात आले होते, आणि त्यातून बाहेर पडण्यासाठी त्यांना जी वाट सापडली ती जगातल्या भाषाशास्त्राच्या इतिहासात अपूर्व आहे. व्हिएन्नाच्या क्व्हेर्गिच नावाच्या एका गृहस्थाने पाठवलेल्या निबंधाच्या आधारे १९३६ च्या परिषदेत ‘सूर्यभाषा सिद्धान्त’ मांडण्यात आला. आदिमानवाने सूर्याकडे पाहून जो पहिला उद्गार काढला तो तुर्की, आणि त्यातूनच जगातल्या साऱ्या भाषा निघाल्या, असे त्याचे सार. शास्त्र म्हणून हा सिद्धान्त हास्यास्पद आहे. पण राजकारण म्हणून त्याच्याकडे पाहिले तर त्यातले चातुर्य दिसते. सगळेच शब्द मुळात तुर्की असतील तर मग कोणताच शब्द हाकलण्याचे कारण उरत नाही, आणि ‘कलेम’, ‘किताप’, ‘मिल्लेत’ यांना अभय मिळते. अतातुर्कांच्या मृत्यूनंतर या सिद्धान्ताचे नावही कोणी फारसे घेतले नाही. पण तो सिद्धान्त गाजत होता त्याच दिवसांत त्यांनी भूमितीचे एक लहानसे पुस्तक स्वतः लिहिले, आणि तेथे मात्र त्यांची प्रतिभा सत्कारणी लागली: ‘मुसेल्लेस’चे ‘उचगेन’ झाले, ‘जाविये’चे ‘आची’ झाले. ज्याने त्रिकोण आणि कोन हे शब्द शाळेत शिकले त्या मराठी वाचकाला हा लाभ समजावून सांगण्याची गरज नाही. तीन म्हणजे ‘उच’ हे पोराला माहीत असते, ‘सलास’ माहीत नसते.

पारिभाषिक शब्दांतले हे यश पुढेही टिकले. ‘तय्यारे’ जाऊन ‘उचाक’ आले, ‘मुआल्लिम’ जाऊन ‘ओग्रेतमेन’ आला. आणि १९६० च्या दशकाअखेर आयदिन क्योक्साल यांनी संगणकासाठी ‘बिल्गिसायार’, म्हणजे माहिती मोजणारा, हा जो शब्द घडवला तो इतका सहज रुजला की बाहेरचा शब्द तेथे पाय ठेवू शकला नाही. काही शब्द मात्र शुद्धीच्या नावाखाली पॅरिसहून आले. ‘मेक्तेप’च्या जागी आलेला ‘ओकुल’ हा वाचणे या अर्थाच्या तुर्की धातूपासून काढला म्हणतात, पण त्याच्यावर फ्रेंच ‘एकोल’ची छाया कोणालाही दिसेल, ‘गेनेल’ म्हणजे सर्वसाधारण आणि ‘ओनुर’ म्हणजे मान, यांची तीच कथा. पूर्वेचे ऋण फेडायला पश्चिमेकडून कर्ज काढावे, असा हा व्यवहार. माझा खरा आक्षेप मात्र वेगळा आहे. ‘शेरेफ’, ‘हायसियेत’, ‘इझ्झेतिनेफिस’ हे तीन शब्द मानाच्या तीन छटा सांगत होते. त्या साऱ्यांचे काम एकट्या ‘ओनुर’ने करावे अशी अपेक्षा झाली. ‘का’ या अर्थाच्या ‘नेदेन’ या प्रश्नालाच नाम करून ‘कारण’ या अर्थी वापरले, आणि निमित्त, हेतू, सबब यांच्यातले अंतर बुजत चालले. भाषेतून परका शब्द गेल्याचे दुःख नसते. छटा गेली की ती कोणत्याही मंडळाला घडवून देता येत नाही.

१९३८ मध्ये अतातुर्क वारले, आणि त्यानंतर हा विषय भाषेचा उरलाच नाही, पक्षाचा झाला. १९२४ ची राज्यघटना ‘तेश्किलात-इ-एसासिये’ या भारदस्त नावाची होती; १९४५ मध्ये तिचा मजकूर अर्थ न बदलता शुद्ध तुर्कीत उतरवून ‘अनायासा’ असे नाव दिले; १९५२ मध्ये मेंदेरेस सरकारने ती पुन्हा जुन्या भाषेत बहाल केली; आणि १९६१ च्या घटनेने ‘अनायासा’ परत आणली. एकाच देशाच्या घटनेची सरकार बदलताच भाषा बदलावी, असे दुसरे उदाहरण मला ठाऊक नाही. ‘शक्यता’ या अर्थी ‘इम्कान’ म्हणणारा उजवा आणि ‘ओलानाक’ म्हणणारा डावा, क्रांतीला ‘इन्किलाप’ म्हणणारा एका छावणीतला आणि ‘देव्रिम’ म्हणणारा दुसऱ्या, हे तोंड उघडताच ओळखू येऊ लागले. समीक्षक नुरुल्लाह अताच यांनी तर अरबीतून आलेले ‘वे’ हे उभयान्वयी अव्ययही वर्ज्य केले. ‘आणि’ हा शब्द न वापरता आयुष्यभर गद्य लिहिण्याची प्रतिज्ञा ज्याला अवघड वाटत नसेल त्याने एक पान लिहून पाहावे. १९८० च्या लष्करी उठावानंतर उलट टोक आले: भाषामंडळाचे स्वायत्तपण जाऊन ते सरकारी खाते झाले, आणि जानेवारी १९८५ मध्ये सरकारी नभोवाणी व दूरचित्रवाणीवर दोनशे पाच नव्या शब्दांना बंदी झाली. अतातुर्कांनी आपल्या मृत्युपत्राने ज्या संस्थेला बँकेच्या भागांचे उत्पन्न नेमून दिले होते तिची ही गत त्यांच्याच नावाने राज्य करणाऱ्यांनी केली.

साहित्याचे काय झाले? नाझिम हिकमेत यांचा तुर्कस्तानात निघालेला पहिला काव्यसंग्रह १९२९ मध्ये नव्या लिपीत आला आणि नव्या लिपीइतकाच तो नवा होता. हसन अली युजेल शिक्षणमंत्री असताना १९४० मध्ये स्थापन झालेल्या भाषांतरखात्याने ग्रीक, लॅटिन, फ्रेंच, रशियन, फारसी अभिजात ग्रंथ शेकड्यांनी तुर्कीत आणले, आणि त्याच वर्षी सुरू झालेल्या ग्रामसंस्थांनी शेतकऱ्यांच्या मुलांतून लेखक निर्माण केले. यशार कमाल यांच्या कादंबऱ्यांतली चुकुरोवाची भाषा जुन्या तुर्कीत लिहिली जाणेच शक्य नव्हते. उलट अहमद हमदी तानपिनार हे दोन्ही काळांत पाय असलेले लेखक. त्यांच्या ‘घड्याळे जुळवण्याची संस्था’ या कादंबरीत एक सरकारी खाते देशातली सारी घड्याळे एका वेळेला लावण्याच्या उद्योगात वाढते, फुगते आणि निरर्थक होते. तो उपहास कशावर आहे हे तुर्की वाचकाला सांगावे लागले नाही.

या सगळ्या हिशेबात एक रक्कम मुद्दाम वगळलेली असते, ती कुर्दांची. लिपी बदलली त्याच वर्षी ‘नागरिका, तुर्की बोल’ ही चळवळ निघाली, आणि एकोणतीस अक्षरांच्या वर्णमालेत कुर्दी भाषेला लागणारी तीन लॅटिन अक्षरे नव्हती. ती तीन अक्षरे लिहिणे हा लिपीच्या कायद्याचा भंग ठरून खटले झाले. १९८३ चा भाषाबंदीचा कायदा १९९१ मध्ये रद्द झाला, आणि त्या तीन अक्षरांना मोकळीक मिळायला २०१३ साल उजाडावे लागले. अरबी लिपीच्या जुलमातून जनतेला सोडवल्याचा ज्यांना अभिमान होता त्यांना तीन अक्षरांची एवढी धास्ती वाटावी, याला काय म्हणावे?

मराठी माणसाला हा प्रश्न परका वाटण्याचे कारण नाही. शिवाजी महाराजांच्या आज्ञेने रघुनाथपंतांनी राज्यव्यवहारकोश रचून यावनी शब्दांना संस्कृत पर्याय दिले, पेशव्याला मुख्य प्रधान आणि मुजुमदाराला अमात्य केले. पण पुढल्या शतकात साऱ्या हिंदुस्थानने ज्या नावापुढे मान लववली ते नाव पेशवे हेच राहिले. तुर्की मंडळाच्या ऐन भराच्या काळातच इकडे सावरकरांची भाषाशुद्धीची चळवळ चालू होती, आणि फारसी-मराठी कोश रचणारे माधवराव पटवर्धनच तिचे कैवारी झाले होते. फरक एवढाच की आपल्याकडे या वादामागे दंडुका नव्हता. म्हणून ‘महापौर’ही आला आणि ‘वकील’ही राहिला, आणि कोणता ठेवायचा हे लोकांनी आपापल्या सोयीने ठरवले. मोडीच्या बाबतीत मात्र आपण तुर्कांकडे बोट दाखवू नये. तिच्यावर कोणी राष्ट्राध्यक्षाने फळ्यापुढे उभे राहून घाव घातला नाही. ती आपण मुकाट्याने जाऊ दिली, आणि आज पुण्याच्या पेशवे दफ्तरातले रुमाल वाचणारे मोजकेच उरले आहेत.

डिसेंबर २०१४ मध्ये अध्यक्ष एर्दोगान यांनी उस्मानी तुर्की शाळांतून शिकवली जाईल, कोणाला आवडो वा न आवडो, असे बजावले. आजोबांच्या थडग्यावरचा लेख नातवाला वाचता येत नाही, हे त्यांचे गाऱ्हाणे होते. गाऱ्हाणे खरे आहे, पण उपाय खोटा आहे. थडग्यावरची अक्षरे महिन्याभरात शिकता येतात. अक्षरांमागची भाषा गेली ती आठवड्यातल्या दोन तासिकांनी परत येत नाही, आणि जी सक्ती घालवण्यासाठी वापरली तीच परत आणण्यासाठी वापरून तर मुळीच येत नाही. लिपीचा निर्णय फिरवण्याची भाषा तेथील कोणताही जबाबदार पक्ष करीत नाही. शब्दांपुरते म्हणावे तर, ज्या सभागृहाने हे सारे कायदे केले त्याच्या नावात ‘मिल्लेत’ आणि ‘मेजलिस’ हे दोन्ही अरबी शब्द अजून आहेत, आणि ज्या प्रजासत्ताकाच्या नावाने केले त्यालाही ‘जुम्हुरियेत’ असेच म्हणतात.

उस्मानी साम्राज्याचे दफ्तर, त्यातले कोट्यवधी कागद, २०१३ मध्ये इस्तंबूलच्या जुन्या भागातून शहरातल्याच एका उपनगरात बांधलेल्या नव्या इमारतीत हलवण्यात आले. त्या उपनगराचे नाव ‘क्यातहाने’. हा शब्द फारसी आहे, त्याला हात लावण्याचे कोणाला सुचले नाही, आणि मराठीत त्याचा अर्थ सरळ आहे: कागदखाना.